मुंबईचं ‘क्रॅक’ म्हणजे गर्द: एका पुडीची पार्श्वभूमी

मुंबईत क्रॅक कोकेन कधी रुजलं नाही. कोकाचं झुडूप दक्षिण अमेरिकेतलं, माल सात समुद्रांपलीकडून यायचा, त्यामुळे कोकेन इथे पैसेवाल्यांच्या पार्ट्यांपुरतंच राहिलं. २०१९मध्ये प्रसिद्ध झालेल्या राष्ट्रीय पाहणीत कोकेन घेणारे ०.१० टक्के निघाले, हेरॉइन घेणारे १.१४ टक्के. पण क्रॅकने, म्हणजे कोकेनच्या ओढता येणाऱ्या स्वस्त खड्यांनी, अमेरिकेतल्या वस्त्यांचं जे केलं, ते मुंबईत गर्दने, म्हणजे भेसळीच्या हेरॉइनने केलं, आणि तेही त्याच १९८०च्या दशकात. रसायन वेगळं, पण गणित एकच: ओढता येणारा माल आणि खिशाला परवडणारी पुडी.

कोकेनची पांढरी पावडर हा क्षार असतो. तो तापवला की वाफ होण्याआधीच बराचसा जळून जातो, म्हणून पावडर नाकाने ओढतात. क्रॅक हे त्याच कोकेनचं क्षार नसलेलं रूप. ते शंभर अंशांच्या आतच वितळतं, वाफ फुप्फुसातून काही सेकंदांत मेंदूत जाते आणि पाच-दहा मिनिटांत नशा उतरते. उतरली की लगेच दुसरा खडा हवासा वाटतो. ग्रॅमवर विकला जाणारा माल असा खड्यावर आला. १९८४-८५च्या सुमारास लॉस एंजेलिस, न्यूयॉर्क, मायामीत गरीब मुलांना तो हातखर्चाच्या पैशांत मिळू लागला. गर्दही अशीच, हेरॉइनचं वाफ होणारं रूप. वर कॅफिन, पॅरासिटामॉल, हाताला लागेल ती भेसळ. फारसीत गर्द म्हणजे धूळ; ‘गर्द झाडी’तला ‘दाट’ हा अर्थ इथे नाही. ‘गर्दुल्ला’ हे मात्र अस्सल मुंबईचं.

मुंबईने याआधीही कोकेन पाहिलं होतं, हे सहसा कोणाला ठाऊक नसतं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ते इथे चोरून यायचं, बरंचसं जर्मन कारखान्यांतलं, आणि पानाच्या विड्यात घालून खाल्लं जायचं. अफूशी शहराचं नातं तर त्याहून जुनं. माळव्याची अफू मुंबई बंदरातून चीनला जायची. जमशेटजी जीजीभॉयांसारख्यांच्या संपत्तीत, आणि त्या संपत्तीतून उभ्या राहिलेल्या संस्थांत, त्या व्यापाराचा वाटा आहे. शहरात जी उरायची ती चंडूखान्यात ओढली जायची. शुक्लाजी स्ट्रीटच्या आसपास हे अड्डे १९७०च्या दशकातही चालू होते. तिथे पाइप भरून देणारा माणूस लागायचा, आडवं व्हायला जागा लागायची, वेळ मोडायचा. गर्दला सिगारेटच्या पाकिटातली चांदी आणि काडेपेटी पुरली. जिन्याखाली, रेल्वेच्या रुळांकडेला, सुलभ शौचालयात, कुठेही. चंडूखाने बसले ते पोलिसांच्या छाप्यांपेक्षा या सोयीमुळे, असं आमचं मत आहे.

हा माल आला कुठून? १९७९ हे साल महत्त्वाचं. इराणमध्ये क्रांती झाली, पाकिस्तानात झिया-उल-हक यांनी अफूवर बंदी आणली, डिसेंबरात सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात शिरल्या. पश्चिमेकडे जाणारे जुने रस्ते तुटले. अफू सरहद्दीवरच हेरॉइनमध्ये बदलून नेणं सोपं झालं आणि भारत हा वाटेतला टप्पा बनला. टप्प्यावर थोडा माल सांडतोच. मुंबईत तो ऐंशीच्या सुरुवातीला सांडला.

१८ जानेवारी १९८२ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरणी संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात होते. संपाने गिरणगावात गर्द आणली असं सर्रास म्हटलं जातं, ते अर्धंच खरं. माल आधीच येऊ लागला होता. संपाने त्याला घरी बसलेली पोरं दिली, आणि पुडी विकून स्वतःची पुडी फुकट काढण्याचा हिशोबही. वस्तीत गर्द पसरते ती अशीच. विकणारा आणि ओढणारा बहुतेकदा एकच असतो, आणि कायद्याने नेमकी हीच गोष्ट कधी धड ओळखली नाही.

एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थविरोधी कायदा, १४ नोव्हेंबर १९८५पासून लागू झाला. हेरॉइनची ‘अल्प मात्रा’ तेव्हा २५० मिलिग्रॅम ठरली होती. त्याहून जास्त सापडलं तर किमान दहा वर्षं. मोठा तस्कर असो की नाक्यावरचा गर्दुल्ला. अमेरिकेतही तेच चाललं होतं. १९८६च्या कायद्यात ५ ग्रॅम क्रॅकला पाच वर्षं, तीच शिक्षा पावडर कोकेनला मात्र ५०० ग्रॅमवर. शंभरास एक. तुरुंग काळ्या तरुणांनी भरले. २०१०मध्ये ५चे २८ ग्रॅम झाले, तरी फरक अठरास एक उरलाच.

आपल्याकडे २००१च्या दुरुस्तीने मात्रांच्या पायऱ्या आल्या. हेरॉइन ५ ग्रॅमच्या आत अल्प, २५० ग्रॅमच्या वर व्यापारी. कोकेनला हेच आकडे २ आणि १००. पण वजन शुद्ध अमली पदार्थाचं धरायचं की भेसळीसकट, हा वाद राहिला. सर्वोच्च न्यायालयाने २००८मध्ये शुद्ध अमली पदार्थ धरायला सांगितलं, २००९च्या अधिसूचनेने अख्खं मिश्रण धरलं आणि २०२०च्या हिरा सिंग निकालाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. समजा ६ ग्रॅम गर्द सापडली आणि तिच्यात हेरॉइन दहा टक्के आहे. खरा अमली पदार्थ ०.६ ग्रॅम. पहिल्या हिशोबाने कमाल एक वर्ष, आजच्या हिशोबाने कमाल दहा. भेसळ विक्रेता करतो, तिचं वजन ग्राहकाच्या शिक्षेत जातं.

उपचारांची बाजू समाजाने उचलली. वांद्र्यात फादर जो परेरा यांनी १९८१मध्ये कृपा फाउंडेशन सुरू केलं. पुण्यात १९८६मध्ये पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे यांच्या मदतीने डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी मुक्तांगण उभं केलं, तिथे मुंबईची मुलं जात राहिली. गर्द थांबली की सहा ते बारा तासांत ‘टर्की’ लागते: नाक गळतं, जांभया येतात, अंगावर काटा, हाडं मोडून येतात, जुलाब. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी ती टोकाला जाते, आठवडा-दहा दिवसांत उतरते. ती शमवायला हेरॉइनऐवजी देतात ती ब्युप्रेनॉर्फिनची गोळी जिभेखाली, सहसा कर्मचाऱ्यासमोरच विरघळवायची असते. इथे एक चूक महागात पडते. टर्की दिसू लागण्याआधीच गोळी दिली तर ती हेरॉइनला मेंदूतल्या जागेवरून ढकलते आणि तीव्र टर्की एकदम उसळते. पेशंट म्हणतो, औषधानेच मारलं, आणि परत फिरकत नाही.

दुसरा धोका केंद्रातून सुटल्यावरचा. महिनाभर बंद राहिल्यावर शरीराची सहनशक्ती उतरलेली असते. जुन्याच मापाची पुडी श्वास बंद पाडते. ०.४ मिलिग्रॅम नॅलोक्सोनचं इंजेक्शन श्वास परत आणतं, पण त्याचा असर अर्ध्या ते दीड तासात ओसरतो आणि हेरॉइन अंगात उरलेलंच असतं. शुद्धीवर आला म्हणून लगेच घरी सोडायचं नसतं.

आता पुडीत एमडी असते, म्हणजे मेफेड्रोन, बोलीत ‘म्याव म्याव’. फेब्रुवारी २०१५मध्ये ते एनडीपीएसच्या यादीत आलं. ते सीमेपलीकडून यावं लागत नाही. औषधांसाठीची रसायनं बनवणाऱ्या औद्योगिक पट्ट्यांत इथेच तयार होतं. क्रॅकशी खरी जवळीक याचीच. नशा थोडा वेळ टिकते, लगेच पुन्हा घ्यावंसं वाटतं, रात्री जागरणं, मग संशयाने पछाडणं. गर्दसाठी जमवलेली औषधं इथे निकामी. एमडीला ब्युप्रेनॉर्फिनसारखा पर्याय नाही, नॅलोक्सोन चालत नाही. उरतं समुपदेशन, झोपेची घडी बसवणं आणि घरच्यांचा धीर. झोपेच्या गोळ्या सढळ दिल्या तर पोरगा एमडीवरून ‘बटन’वर, म्हणजे नशेसाठी घ्यायच्या झोपेच्या गोळ्यांवर जातो.

एमडीची अल्प मात्रा २ ग्रॅम. त्याहून कमी सापडलं किंवा फक्त सेवनाचा गुन्हा असेल, तर कलम ६४अ खाली स्वेच्छेने सरकारी किंवा मान्यताप्राप्त केंद्रात उपचार घेणाऱ्यावरचा खटला टळतो. घरच्यांना हे कलम बहुतेकदा माहीतच नसतं. वकिलाला पहिल्याच तारखेआधी त्याबद्दल विचारावं, आणि जवळचं केंद्र १४४४६ या राष्ट्रीय हेल्पलाइनवर विचारून घ्यावं. एक अट मात्र आहे: उपचार पूर्ण केले नाहीत तर ही सूट काढून घेता येते, आणि मध्येच एक-दोनदा घसरणं हा या आजाराचाच भाग आहे.