गाव आटलं, पाइप तेवढाच राहिला

विदर्भाच्या महसुली दप्तरात ‘रिठी’ हा शब्द जुना आहे. मौज्यात शेती आहे, सातबारे आहेत, पण राहतं घर एकही नाही, ते रिठी गाव. दुसरा शब्द आणखी बोचरा आहे: बेचिराख. जिथे दिवा लागत नाही ते. २०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रातल्या सुमारे ४३,६०० गावांपैकी २,७०० च्या आसपास गावं बिनवस्तीची होती. इथे बोलायचं आहे ते त्याच्या अलीकडच्या गावांबद्दल, जिथे दिवे अजून लागतात, पण दरवर्षी दोन-चार कमी लागतात.

२००१ ते २०११ या दहा वर्षांत राज्याची लोकसंख्या सुमारे १६ टक्क्यांनी वाढली. वर्धा जिल्ह्याची वाढ जेमतेम ५ टक्के, भंडाऱ्याची ६ टक्क्यांच्याही आत. वाढ इतकी मंद असते तेव्हा तालुक्याचं ठिकाण आणि हमरस्त्यावरची गावं भरत असतात, तर आतली गावं रिकामी होत असतात. त्यात जन्मही कमी झाले आहेत. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्राचा प्रजनन दर, म्हणजे बाईमागे सरासरी मुलं, १.७ होता, लोकसंख्या जागच्या जागी टिकायला तो २.१ च्या आसपास लागतो. म्हणजे पुण्याला किंवा बुटीबोरीला गेलेल्या पोराची जागा गावात जन्मणारं बाळ भरून काढेल, ही आशा आता धरता येत नाही.

माणसं जातात, पण गावाचा खर्च त्यांच्याबरोबर जात नाही. रस्ता तेवढाच लांब, नाली तेवढीच, खांबावरचे दिवे तेवढेच. नळयोजनेचा हिशेब उदाहरणादाखल मांडू. वीज, पाणीपुरवठा कर्मचाऱ्याचा पगार, टीसीएल (पाणी निर्जंतुक करायची क्लोरीनची) पावडर आणि दुरुस्ती मिळून वर्षाला ३ लाख रुपये लागतात असं धरा. ४८० घरं असताना घरामागे ६२५ रुपये पडतात. तीच घरं २६० झाली की हा आकडा १,१५० च्या वर जातो. पंप थोडा कमी वेळ चालेल, पण विजेचा स्थिर आकार आणि पगार तोच राहतो. पाणीपट्टी वाढवली तर थकबाकी वाढते, नाही वाढवली तर मोटर जळल्यावर ती दुरुस्त करायला पैसे नसतात. दोन्ही वाटांनी योजना बंदच पडते.

पैशापेक्षा मोठी अडचण मात्र पाण्याच्या गुणवत्तेची आहे, आणि ती डोळ्यांना दिसत नाही.

जलवाहिन्या साधारण ३० वर्षांच्या वाढीव लोकसंख्येचा अंदाज धरून टाकतात. गाव वाढेल हे त्यात गृहीतच असतं. आता टोकाची एक गल्ली घ्या. ४०० मीटर लांबीची ९० मिलिमीटरची पीव्हीसी लाइन, आतला व्यास सुमारे ८३ मिलिमीटर. तिच्या पोटात जवळपास २,१६० लिटर पाणी मावतं. माणशी रोज ५५ लिटर धरले, तर ४० घरं असताना त्या गल्लीत दिवसाला १०,००० लिटरच्या आसपास पाणी जायचं. लाइनमधलं पाणी पाच-साडेपाच तासांच्या वापरातच बदलायचं. आज तिथे चार घरं उरली आहेत. वापर १,००० लिटर. तेच पाणी आता दोन दिवसांहून जास्त पाइपात पडून राहतं. मे महिन्यात वरवर पुरलेला पाइप तापतो, आणि क्लोरीन जितका वेळ पाइपात राहील तितकं विरत जातं. टाकीत टाकलेली टीसीएल टाकीजवळच्या घरांना पुरते. शेवटच्या नळावर ०.२ मिलिग्राम प्रतिलिटर शिल्लक क्लोरीन असायला हवं, तिथे क्लोरीन दाखवणाऱ्या ओटी चाचणीत पाणी पिवळं पडतच नाही.

अशा वेळी पावडरचा डोस वाढवून दिला जातो. चांगली, ताजी पावडर १,००० लिटरला अडीच ग्रॅम टाकली तर सुमारे ०.७ मिलिग्राम प्रतिलिटर क्लोरीन मिळतं. ती पाच-सहा ग्रॅमवर नेली की टाकीजवळच्या घरांत वासाची तक्रार येते, लोक पुन्हा हातपंपाकडे वळतात, आणि नळाचा वापर आणखी घटतो. दुखणं साचलेल्या पाण्याचं असताना औषध टाकीत ओतून भागत नाही.

उपाय दोन आहेत. तात्पुरता म्हणजे लाइनच्या शेवटी वॉशआऊट व्हॉल्व्ह बसवून ती धुणं. धुताना वेग सेकंदाला ०.९ मीटरच्या आसपास हवा, नाहीतर तळाचा गाळ हलत नाही. त्या वेगाने ४०० मीटरची लाइन साडेसात मिनिटांत एकदा बदलते. दोनदा बदलायची तर पंधरा मिनिटं आणि ४,३०० लिटर पाणी. एवढं पाणी उन्हाळ्यात नालीत सोडायला कोणाचाच जीव धजत नाही, आणि ते योग्यच आहे. म्हणून कायमचा उपाय बारीक पाइपाचा. चार घरांना ४० मिलिमीटरची लाइन पुरते. तिच्यात साडेतीनशे-पावणेचारशे लिटर पाणी मावतं आणि ते नऊ तासांत बदलतं. तासभर पाणी सोडलं तरी दाब फारसा पडत नाही. जुनी लाइन मात्र मुख्य वाहिनीपाशीच तोडून तिथे एंड कॅप लावावी लागते. नुसता व्हॉल्व्ह बंद ठेवला तर तो काही महिन्यांत पाझरायला लागतो.

कुलूपबंद घरांची जोडणी हा याहून मोठा धोका. घर पडतं, भिंतीखाली अर्ध्या इंची पाइप फुटतो, तोटी मातीत गाडली जाते. आपल्याकडे पाणी दिवसातून तासभर सुटतं, बाकी वेळ लाइनमध्ये दाब नसतो. दाब उतरताना ती आत ओढते, आणि फुटका पाइप नालीशेजारी असेल तर नालीचंच पाणी आत घेते. दुसऱ्या दिवशी ते शेजारच्या नांदत्या घरात पोचतं. पावसाळ्यात अतिसाराची साथ आली की विहीर तपासतात, टाकी तपासतात. बंद घराची जोडणी कोणी उकरत नाही. ती अंगणात तोटी काढून बंद होत नाही. मुख्य वाहिनीवर जिथे सॅडल (घरजोडणीची पकड) बसवलं आहे तिथे खोदून, सॅडल काढून, भोक पक्कं बंद करावं लागतं. घरमालक परत आला तर जोडणी पुन्हा देता येते, हे त्याला आधीच लेखी कळवलं की भांडण टळतं.

हा अनुभव आपल्या एकट्याचा नाही. एकीकरणानंतर पूर्व जर्मनीतल्या शहरांतून लाखो माणसं पश्चिमेकडे गेली. तिथेही मोठ्या जलवाहिन्यांत पाणी साचू लागलं, गटारांत प्रवाह पुरेना म्हणून ती धुवावी लागली. २००२ पासून सरकारी कार्यक्रमातून तिथे रिकाम्या सदनिका पाडायला सुरुवात झाली. त्यातून एक गोष्ट स्पष्ट झाली: विखुरलेली घरं पाडून जमीन मोकळी होते, पण पाइपाचा एक मीटरही वाचत नाही. गल्लीतलं शेवटचं घर हलेपर्यंत ती गल्ली पोसावीच लागते. म्हणून आटायचं तर काठाकडून मध्याकडे आटावं. जपानमधलं युबारी हे कोळशाचं शहर १९६० च्या सुमारास लाखावर होतं, आता दहा हजारांच्या खाली आहे. खाणी बंद झाल्या, २००७ मध्ये नगरपालिका दिवाळखोर ठरली आणि त्यानंतर शाळा एकत्र करणं, लोकांना जवळजवळ आणणं सुरू झालं. तेच काम तिजोरीत पैसे असताना केलं असतं तर कितीतरी सोपं गेलं असतं. वणी, राजुऱ्याकडच्या खाणीच्या गावांनी हे उदाहरण नीट पाहावं.

आपल्याकडे कोणाला वाडा सोडून मध्ये ये म्हणता येत नाही, म्हणूही नये. पण नवं घरकुल कुठे मंजूर करायचं, अंगणवाडीची नवी खोली कुठे बांधायची, सिमेंट रस्ता आधी कोणत्या गल्लीत करायचा, हे ग्रामसभेच्या हातात आहे. टोकाला नवी वस्ती काढण्याऐवजी मधल्या पडक्या जागेवर घरकुल बसलं तर एका पाइपात दोन कामं होतात. अडचण मालकीची येते. नमुना ८ वर, म्हणजे ग्रामपंचायतीच्या घरांच्या नोंदीत, आजोबांचं नाव, वारस सात, त्यातले तिघे नागपुरात. स्वामित्व योजनेत ड्रोनने मोजणी होऊन सनद मिळाली असेल तर वारस नोंद लावून घेण्याची हीच वेळ. उशीर झाला की वारस सातांचे वीस होतात.

मातीचं घर रिकामं राहिलं की फार दिवस तग धरत नाही. दरवर्षी पावसाआधी कवेलू (कौलं) फेरावे लागतात. वानरांनी सरकवलेला एक कवेलू पुरतो. तिथून पाणी भिंतीच्या माथ्यावर उतरतं, भिंत आतून भिजते आणि झडीच्या तिसऱ्या-चौथ्या दिवशी रस्त्यावर कोसळते. शेजारचं पोर तिथेच खेळत असतं. असं घर उतरवायचं तर मे महिन्यात. आधी महावितरणच्या लाइनमनकडून सर्व्हिस वायर काढून घ्यायची, मग कवेलू, मग सागवानी फाटे (वासे) आणि मयाली (तुळया), शेवटी भिंत, वरून खाली. खालून पोखरून भिंत पाडताना माणसं दगावतात. कवेलू आणि सागवान विकून मजुरी बऱ्याचदा निघते. अंगणातली विहीर मातीने बुजवू नये, तिच्यावर लोखंडी जाळी बसवावी.

शाळेचं मी सगळ्यात शेवटी ठेवीन, आणि बंद करायच्या यादीतही शेवटीच. शिक्षण हक्क कायद्याने पहिली ते पाचवीची शाळा १ किलोमीटरच्या आत, सहावी ते आठवीची ३ किलोमीटरच्या आत हवी, आणि ६० पटापर्यंत दोन शिक्षक. पट ९ वर आला की समायोजनाचा, म्हणजे मुलं दुसऱ्या शाळेत हलवण्याचा, कागद येतो. तो आला तर अंतर नकाशावर मोजू नका, ऑगस्टमध्ये मोजा. मध्ये नाला असेल तर दीड किलोमीटरची शाळा पावसाळ्यात आठ-आठ दिवस पोचण्यापलीकडची असते, आणि त्या दिवसांत पहिल्यांदा घरी बसते ती मुलगी. एसटीचं गणितही असंच आहे. भारमान कमी म्हणून फेरी बंद, फेरी बंद म्हणून जाणारे आणखी कमी. ज्या गावची शाळा हलवली, तिथली शाळेच्या वेळेची एक फेरी भारमानाच्या हिशेबाबाहेर ठेवली पाहिजे.

हे सगळं करायला आधी नीट मोजणी लागते. मतदार यादी फुगलेली असते, कारण गेलेल्यांची नावं तशीच राहतात. त्यापेक्षा प्रत्येक घराला चारपैकी एक खूण द्या: नांदतं, सणावाराला उघडणारं, कायम बंद, पडकं. महावितरणच्या बिलावरचे युनिट आणि शाळेचा पट यांच्याशी ती ताडून पाहा. मोजणी वर्षातून दोनदा व्हावी. एक पोळ्याला, कारण तेव्हा माणूस गावी असतो. दुसरी फेब्रुवारीत, कारण गडचिरोली-चंद्रपूरकडची किती तरी कुटुंबं तेव्हा तेलंगणात मिरची तोडायला गेलेली असतात.

फेब्रुवारी २०२७ चं महत्त्व आणखी वेगळं आहे. पुढच्या जनगणनेचा संदर्भ दिवस १ मार्च २०२७ आहे. पंधराव्या वित्त आयोगाने राज्याराज्यांत स्थानिक संस्थांचा निधी वाटताना ९० टक्के वजन लोकसंख्येला दिलं होतं. ग्रामपंचायतीची सदस्यसंख्याही लोकसंख्येवरच ठरते: १,५०० पर्यंत ७, त्यापुढे ३,००० पर्यंत ९. २०११ च्या पद्धतीत गणनेच्या संपूर्ण काळात बाहेर असलेलं कुटुंब गावात मोजलं जात नव्हतं. मिरचीच्या शेतात झोपडी टाकून राहिलेले तीस-चाळीस लोक तिथे मोजले गेले नाहीत, तर ते कुठेच मोजले जात नाहीत. मुकादमाबरोबर कोण गेलं, कोणत्या गावाला, कधी परतणार, ही वही सरपंचाने जानेवारीतच लिहून ठेवावी आणि प्रगणक दारात आला की त्याच्यापुढे उघडावी.