नभोवाणीवरची पेटीबंदी : पार्श्वभूमी

नभोवाणीचे मुंबई केंद्र २३ जुलै १९२७ रोजी सुरू झाले ते एका खासगी कंपनीचे. प्रक्षेपक दीड किलोवॉटचा, टप्पा जेमतेम ५० किलोमीटर. श्रोत्याच्या १० रुपयांच्या वार्षिक परवान्यातले ८ कंपनीला मिळत, पण परवाने दहा हजारांपर्यंतही गेले नाहीत आणि १९३० मध्ये कंपनी बुडाली. तिची केंद्रे सरकारकडे आली. १९३१ मध्ये ती बंद करायचे ठरले आणि महिन्याभरात तो बेत मागेही घेतला गेला.

पेटीचा वाद त्यानंतरचा. १ मार्च १९४० पासून सगळ्या केंद्रांवर हार्मोनियमला मज्जाव झाला. आक्षेप दोन. पेटीचे स्वर सुटे असतात, त्यामुळे मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर अखंड घसरत जाणे, निघत नाही. याला उत्तर नाही. दुसरा आक्षेप जुळवणीचा. पेटीत सप्तकाचे बारा समान भाग, प्रत्येकी १०० सेंटचे (सेंट हे स्वरांमधले अंतर मोजायचे एकक). पंचम त्यात २ सेंटने उतरा, तो खपून जातो. शुद्ध गंधार मात्र १४ सेंटने चढा. तंबोऱ्याच्या खर्जातून, म्हणजे खालच्या ‘सा’च्या तारेतून, शुद्ध गंधार आपोआप उमटत असतो; त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. शेजारी पेटीचा गंधार वाजला की तो बोचतोच.

यावर कारागिरांकडे इलाज होता. पेटीत सूर देणारी पितळी पट्टी रिव्हेटच्या बाजूला, म्हणजे ती जिथे पक्की केलेली असते तिथे, किंचित खरवडली की सूर उतरतो, टोकाकडे खरवडली की चढतो. पण काळी एकच्या षड्जासाठी, म्हणजे सप्तकातली पहिली काळी पट्टी ‘सा’ धरून, अशी लावलेली पेटी पांढरी पाचच्या गायिकेला निरुपयोगी, कारण तिचा गंधार दुसऱ्याच पट्टीवर पडतो. एका गवयाच्या बैठकीत हे निभते. स्टुडिओत एकापाठोपाठ वेगवेगळ्या षड्जाचे कलावंत येत, तिथे एका पेटीने भागणार कसे? ही अडचण व्यवस्थेची होती. निकाल लागला तो वाद्याच्या जातकुळीवर, ‘परकी’ म्हणून. वास्तविक नाट्यपद आणि कीर्तन तोवर पेटीवरच पोसले होते, आणि श्रुतींप्रमाणे, म्हणजे बारा स्वरांहून सूक्ष्म स्वरभेदांप्रमाणे, लावलेल्या पेटीचे प्रयोग महाराष्ट्रात त्याआधी तीसेक वर्षे झाले होते. गायक आपला षड्ज सांगतात तोही पेटीच्याच भाषेत, ‘काळी दोन’, ‘पांढरी चार’.

बंदी स्वातंत्र्यानंतरही तशीच राहिली. १९७१ मध्ये ती सैल झाली, पण नभोवाणीने वरची श्रेणी दिलेल्या कलावंतांच्या साथीपुरतीच. एकलवादनाला दार तेव्हाही बंदच होते.