देह आणि देहेस्तान: मेमंद नेमकं कुठलं?

इराणच्या नकाशात मेमंद शोधायला गेलं की एकाच नावाच्या दोन गोष्टी हाती लागतात. एक म्हणजे कर्मान प्रांतातलं, डोंगराच्या मऊ खडकात कोरलेल्या घरांचं छोटं गाव. दुसरी म्हणजे त्या गावासकट आसपासची खेडी, मळे आणि वस्त्या मिळून केलेला कारभाराचा विभाग. पहिलं देह, दुसरं देहेस्तान. लोकसंख्येचे आकडे वाचताना या दोघांची गल्लत फार सहज होते.

गावाचा पूरा पत्ता असा: मेमंद गाव, मेमंद देहेस्तान, मध्यवर्ती बख्श, शहर-ए-बाबक शहरेस्तान, कर्मान ओस्तान. ओस्तान म्हणजे प्रांत. शहरेस्तान नावावरून शहर वाटतं, पण ते आपल्या जिल्ह्यासारखं असतं. बख्श तालुक्याच्या जवळ जातो. देहेस्तानाला मात्र आपल्याकडे चपखल जोड नाही. ग्रुप ग्रामपंचायत आठवते, पण तिथे निवडून आलेले लोक बसतात, आणि देहेस्तान ही मुळात सरकारने आखलेली हद्द आहे.

‘देह’ हा शब्द आपल्याला अनोळखी नाही. मराठी दफ्तरांतला ‘देहझाडा’, म्हणजे गावांची यादी, त्यातला देह हाच. खुर्द आणि बुद्रुकही फारसीतूनच आले. इराणात जुळ्या गावांना बहुधा ओल्या आणि सोफ्ला, म्हणजे वरचं आणि खालचं, असं म्हणतात. जनगणनेच्या तक्त्यात वस्तीच्या जागेला ‘आबादी’ म्हणतात. विदर्भ-मराठवाड्यातल्या माणसाला हा शब्द समजावून सांगावा लागणार नाही.

फरक नेमका कळतो तो 1983च्या इराणी कायद्यात. गाव कशाला म्हणायचं? जिथे निदान 20 कुटुंबं किंवा 100 माणसं राहतात, आणि बहुतेकांचं पोट शेती, बागा, गुरं, मासेमारी किंवा खेड्यातल्या धंद्यांवर चालतं, त्याला. आणि देहेस्तान? एकमेकांना लागून असलेल्या, सारख्या वळणाच्या गावांचा गट. त्यासाठी दाट वस्तीच्या भागात 8000, मध्यम भागात 6000 आणि विरळ भागात 4000 लोकसंख्येचा निकष ठेवला. म्हणजे मेमंदच्या नावापुढे चार आकडी संख्या दिसली, तर ती गुहांच्या गावाची असणं कठीण. ती बहुधा विभागाची असते.

त्याच कायद्यात गावातला मुक्काम ‘कायम किंवा हंगामी’ असला तरी चालेल, असं म्हटलं आहे. मला ही सोय फार मोलाची वाटते, कारण तिच्याशिवाय मेमंदसारखं गाव कागदावर बसवणंच अवघड गेलं असतं. इथले लोक पशुपालक. वसंतात आणि शरदात ते कळप घेऊन डोंगरातल्या कुरणांवर तात्पुरत्या वस्त्यांत राहतात, आणि थंडी पडली की खाली खडकातल्या घरात परततात. या घराला ते ‘किचे’ म्हणतात. आत मध्यभागी चूल, आणि वर्षानुवर्षांच्या धुराने काळंभोर झालेलं छत. 2015 साली युनेस्कोने मेमंदला जागतिक वारशाच्या यादीत घेतलं, ते गुहांच्या जोडीला ही ये-जा आणि तिच्याभोवतीची कुरणं धरून. ‘मेमंदमध्ये किती लोक राहतात?’ याला म्हणूनच ‘कुठल्या महिन्यात?’ असा उलट प्रश्न विचारावासा वाटतो.

कारभारी माणसांच्या नावांतही असाच गोंधळ आहे. देहेस्तानाचा अधिकारी देहदार, तो सरकारी माणूस. गावाचं काम बघतो तो देहयार. त्याला गावची निवडून आलेली शुरा, म्हणजे परिषद, निवडते आणि नेमणुकीचा हुकूम बख्शदार काढतो. या परिषदांची पहिली निवडणूक 1999 साली झाली. 1500पर्यंत वस्तीच्या गावात तीन सदस्य, त्याहून मोठ्या गावात पाच. रस्ता, पाणी, कचरा यांची तक्रार घेऊन गावकरी जातो तो देहयारकडे. दोन नावांत अक्षराचाच काय तो फरक, पण एकाची वाट वरून खाली येते आणि दुसऱ्याची बरीचशी खालून वर जाते.

देहेस्तानाचं मुख्य ठिकाणही एखादं गावच असावं लागतं, शहर चालत नाही. त्यामुळे अनेकदा त्या गावाचंच नाव विभागाला मिळतं, आणि घोटाळ्याचं मूळ बहुतेक वेळा इथेच असतं. पुढे एखादं गाव वाढलं आणि त्याला शहराचा दर्जा मिळाला, की ते देहेस्तानातून बाहेर पडून थेट बख्शाखाली जातं. मग पुढच्या जनगणनेत देहेस्तानाची लोकसंख्या एकदम घसरलेली दिसते. माणसं गाव सोडून गेली असं वाचणाऱ्याला वाटतं, पण ती आपापल्या घरातच असतात.