मंगळावर चंद्रोदय दिवसातून दोनदा

आपलं पंचांग म्हणजे तीन घड्याळांची तडजोड आहे. पृथ्वीची स्वतःभोवतीची फेरी, चंद्राच्या कला आणि सूर्याभोवतीची प्रदक्षिणा, या तिघांचा एकमेकांना पूर्ण भाग जात नाही. बारा चांद्रमासांचे होतात 354 दिवस, वर्ष आहे 365 दिवसांचं. ती तूट साठत गेली की अधिक महिना टाकायचा आणि गाडी पुन्हा रुळावर आणायची. हे सगळं अंगवळणी पडलेलं असल्याने त्यातला कोणता भाग आकाशाने लादलाय आणि कोणता आपण ठरवलाय, हे सहसा लक्षात येत नाही. ते पाहायचं तर दुसऱ्या ग्रहावर कॅलेंडर मांडून बघावं. मंगळासाठी ते मांडलं गेलंय, आणि एकदा नव्हे, अनेकदा.

मंगळाचा दिवस 24 तास 39 मिनिटं 35 सेकंदांचा. त्याला ‘सोल’ म्हणतात. आपल्या दिवसाच्या इतक्या जवळचा, की फरक किरकोळ वाटावा. पण 2004 मध्ये स्पिरिट आणि ऑपॉर्च्युनिटी या गाड्या मंगळावर उतरल्या, तेव्हा नासाच्या जेट प्रॉपल्शन लॅबोरेटरीतल्या मंडळींनी सुरुवातीचे काही महिने मंगळाच्या वेळेवर काम केलं. गाडी सौरऊर्जेवर चालणारी, म्हणजे तिचा दिवस तोच यांचा दिवस. कामावर यायची वेळ रोज चाळीस मिनिटांनी पुढे. आज सकाळी नऊला आलेला माणूस अठरा दिवसांनी रात्री नऊला हजर! काहींनी तर मंगळाच्या गतीने चालणारी मनगटी घड्याळं खास बनवून घेतली होती.

वर्ष 668.6 सोलांचं, आपल्या हिशोबाने 687 दिवसांचं. दिवस आणि वर्ष इथे बदलता येत नाहीत, ग्रहाने दिलेत ते मुकाट घ्यायचे. खरी मौज महिन्यात आहे.

मंगळाला चंद्र दोन, पण महिना मोजायला दोन्ही कुचकामी. फोबॉस साडेसात तासांत मंगळाला फेरी घालतो, म्हणजे ग्रह स्वतःभोवती फिरतो त्याहून कितीतरी वेगाने. त्यामुळे तो पश्चिमेला उगवतो, पूर्वेला मावळतो आणि साधारण अकरा तासांनी पुन्हा उगवतो. संकष्टीचा उपास करणाऱ्यांची चंगळच! डायमॉसची तऱ्हा उलटी. त्याची फेरी 30 तासांची, सोलपेक्षा थोडीच मोठी, त्यामुळे एकदा उगवला की अडीच दिवसांहून जास्त काळ आकाशात रेंगाळतो. त्याच्या चंद्रोदयाची वाट बघत बसलं तर उपास भलताच लांबेल.

तेव्हा मंगळावर महिना हवाच असेल, तर तो माणसाने स्वतःच्या सोयीने पाडायचा. 1985 मध्ये टॉमस गँगेल या अमेरिकी अभियंत्याने तेच केलं. मुलाच्या नावावरून त्याच्या कॅलेंडरला ‘डेरियन’ म्हणतात. त्यात महिने चोवीस: वीस महिने 28 सोलांचे आणि दर सहावा महिना 27 चा. बेरीज 668. उरलेल्या अपूर्णांकासाठी विषम वर्षांना आणि दहाने भाग जाणाऱ्या वर्षांना शेवटी एक सोल जास्त. शंभराने भाग गेला तर तो सोल नाही, पण पाचशेने गेला तर आहे. सरासरी येते 668.592, आणि ती मंगळाच्या ऋतुवर्षाला चपखल बसते.

आठवडाही त्याने सातच सोलांचा ठेवला आणि प्रत्येक महिना रविवारी सुरू केला. महिना 27 चा असला की शेवटचा शनिवार सरळ गाळायचा. वारांची नावंही आपलीच, म्हणजे मंगळावर बसून मंगळवार पाळायचा. सात वार हे पृथ्वीवरून दिसणाऱ्या सात ‘ग्रहां’चे. मंगळावरून बघणाऱ्याच्या आकाशात मंगळ नाही, पृथ्वी आहे. तिथे जन्मलेल्या मुलीच्या पत्रिकेत मंगळ कुठल्या घरात मांडणार, हा प्रश्न आपल्याकडच्या ज्योतिषांवर सोडू.

महिन्यांच्या नावांशी मराठी वाचक क्षणभर थबकेल. गँगेलने राशींची लॅटिन आणि संस्कृत नावं आळीपाळीने घेतली आहेत. सॅजिटेरियसनंतर धनु, कॅप्रिकॉर्नसनंतर मकर, मग कुंभ, मीन, असं करत शेवटचा महिना वृश्चिक. वाचून बरं वाटतं, पण माझ्या मते त्याने नावं उचलली आणि त्यामागची युक्ती मागेच ठेवली. भारतीय सौर महिना ठरावीक दिवसांचा नसतो. सूर्य एका राशीतून दुसरीत जायला जितका वेळ घेईल, तितका तो महिना. पृथ्वीची कक्षा किंचित लंबवर्तुळाकार असल्याने तो 29 ते 32 दिवसांत कमी-जास्त होतो.

मंगळाची कक्षा तर बरीच जास्त लंबवर्तुळाकार आहे. तिथे उत्तर गोलार्धातला वसंत 194 सोल चालतो आणि शरद जेमतेम 142. समान लांबीचे महिने या ऋतूंशी जुळणार कसे?

मंगळाचे अभ्यासक म्हणूनच तारीख अंशांत सांगतात. वसंतसंपाताला, म्हणजे उत्तर गोलार्धात वसंत सुरू होतो त्या क्षणाला, शून्य आणि तिथून 360 पर्यंत, सूर्य कुठे आहे ते. तीस-तीस अंशांचे टप्पे पाडले तर सर्वात लहान टप्पा 46 सोलांचा आणि सर्वात मोठा जवळपास 67 चा येतो. ही सरळसरळ संक्रांतीचीच पद्धत झाली, फक्त मोजणी ताऱ्यांऐवजी संपातापासून, म्हणजे सायन. वर्षं ते 11 एप्रिल 1955 पासून मोजतात; 1956 चं मोठं धुळीचं वादळ त्यामुळे वर्ष 1 मध्ये येतं. अडतिसावं वर्ष 12 नोव्हेंबर 2024 ला सुरू झालं.

या मोजणीचा रोजच्या कामात उपयोग होतो. मंगळावरची मोठी धुळीची वादळं बहुतेक करून 180 ते 360 अंशांच्या दरम्यान उठतात, कारण त्या काळात ग्रह सूर्याच्या सर्वात जवळून जातो. जून 2018 मध्ये सूर्य 190 अंशांच्या आसपास असताना ऑपॉर्च्युनिटीवर असंच वादळ आलं, सौरपटलांपर्यंत ऊन पोचेना, आणि 10 जूननंतर तिचा संदेश आला नाही.