पलंग मांडताना: चादर, उशा, दोहर आणि पायथ्याची घडी

दुकानात येणारे बरेच जण हल्ली फोनवर फोटो दाखवतात. पांढराशुभ्र पलंग, सात-आठ उशा, वर फुगलेली जाड रजई आणि तिच्यावर तिरकी टाकलेली शाल. "अस्सं हवंय." तसा माल विकण्यात फायदा आमचाच आहे. तरी आधी आम्ही विचारतो, दिवसा त्या पलंगावर कोण बसतं? आपल्याकडे मुलं तिथेच अभ्यास करतात, वाळलेले कपडे घड्या घालायला तिथेच पडतात, घरी आलेली मावशी-आत्या गप्पा मारायला तिथेच टेकते. आणि दहा बाय दहाच्या खोलीत रात्री त्या सात उशा ठेवायच्या कुठे?

म्हणून आमचं सांगणं असं की रात्री जे अंगाखाली आणि अंगावर घेता, त्यानेच पलंग सजवा. चादर, पांघरूण, उशा आणि पायथ्याशी एक घडी. एवढ्यात पलंग देखणा होतो, मात्र प्रत्येक वस्तू मापाची हवी.

आधी टेप, मग रंग

पलंग गबाळा दिसण्याचं पहिलं कारण रंग नसतो, तोकडी चादर असते. 'डबल बेडची चादर द्या' एवढ्यावर आम्हाला माप कळत नाही, कारण बाजारात ९० बाय १०० इंचांची चादरही डबल म्हणून विकली जाते आणि १०८ बाय १०८ चीही.

हिशोब सोपा आहे. गादीच्या रुंदीत दोन्ही बाजूंची उंची मिळवा आणि खाली खोचायला प्रत्येक बाजूला सहा इंच धरा. लांबीचंही तसंच. गादी ७८ बाय ७२ आणि जाडी ६ इंच असेल, तर रुंदीला ९६ आणि लांबीला १०२ इंच कापड लागतं. तिथे ९० ची चादर घातली तर दोन्ही बाजूंना जेमतेम तीन-तीन इंच खोचली जाते आणि रात्रीतून वर येते. हीच चादर ७८ बाय ६० च्या गादीवर मात्र छान बसते. सुती कापड पहिल्या एक-दोन धुण्यांत शेकडा तीन ते पाच आटू शकतं, म्हणजे १०८ ची चादर १०३ च्या आसपास येते. तेवढी सूट धरूनच माप निवडा.

हल्लीच्या गाद्या आठ-दहा इंच जाड असतात. त्यांना इलास्टिकची फिटेड चादर बरी, पण घेताना गादीची जाडी सांगा. सहा इंचांसाठी शिवलेली फिटेड चादर दहा इंचांच्या गादीवर ओढूनताणून बसवली की कोपऱ्यातून सुटते.

बॉक्सचा पलंग असेल तर आणखी एक गोष्ट. गादी चौकटीत रुतलेली असते, त्यामुळे कडेनं खाली सोडलेला पलंगपोस तिथे नीट पडत नाही आणि खण उघडताना अडकतो. अशा पलंगावर चादर घट्ट खोचा, वरचं पांघरूण गादीच्या कडेपर्यंतच ठेवा. चार पायांच्या जुन्या लाकडी पलंगावर मात्र दोन्ही बाजूंनी लोंबणारा पलंगपोस शोभतो.

कापडाबद्दल थोडं

पाकिटावरचा 'टीसी' म्हणजे एका चौरस इंचातले उभे-आडवे धागे. २०० ते ३०० टीसीची शुद्ध सुती चादर आपल्या हवेला पुरते. हजार टीसीच्या आकड्याला भुलू नका. एकाच धाग्यात पिळलेले पदर वेगवेगळे मोजून असे आकडे फुगवता येतात. पर्केल विणीची चादर कोरी, कडक, थंड लागते. सॅटीन विणीची मऊ, किंचित चमकदार असते, अंगाला जास्त चिकटून बसते आणि सुरकुत्या कमी दाखवते. मुंबई-कोकणच्या दमट हवेत आम्ही पर्केल सुचवतो. मायक्रोफायबर स्वस्त, इस्त्री न लागणारं, पण घाम शोषत नाही. पाहुण्यांच्या खोलीत चालेल, रोज झोपायला नको.

पांढऱ्याचा मोह सगळ्यांनाच होतो. हॉटेलात तो परवडतो, कारण तिथे सगळं कापड एकत्र, गरम पाण्यात, ब्लीच टाकून धुतात. टँकरच्या किंवा बोअरच्या जड पाण्यात तुमची चादर काही महिन्यांत मळकट दिसू लागते. मोतिया, फिकट राखाडी किंवा पांढऱ्या जमिनीवर बारीक बुट्टी असलेली सांगानेरी छपाई हा त्यातला सुखाचा मार्ग.

थर कसे चढवायचे

खाली चादर, तिच्यावर दोहर. दोहर म्हणजे पातळ सुती कापडाचे सहसा तीन थर, कडेनं पट्टी लावून शिवलेले. पंख्याखाली आणि बेताच्या एसीत पुरते, धुतली की लवकर वाळते. पलंगभर पसरून उशांकडची कड बारा ते पंधरा इंच उलटी दुमडा. तेवढ्यानं दोहरची दुसरी बाजू आणि खालची चादर असे दोन रंग दिसतात. या एका दुमडीनं पलंगाला जो उठाव येतो, तो चार कुशन ठेवूनही येत नाही.

कापूस भरलेली जयपुरी रजई नाशिक-पुण्याच्या थंडीत पसरायला हरकत नाही. पावसाळ्यात ती बाहेर ठेवू नका. कापूस ओल धरतो आणि वास येतो. उन्हात कडकडीत तापवून सुती खोळीत घाला, प्लास्टिकच्या पिशवीत नको.

आता पायथा. इथे आम्ही जरा जास्त बोलतो, कारण इथे आपली सोलापुरी चादर सगळ्यांना मागे टाकते. साधारण ६० बाय ९० इंचांची एकेरी चादर घ्या. तिची ६० ची बाजू तीन पदरी दुमडा, वीस इंचांचा पट्टा होईल. तो पायथ्याशी आडवा टाका. ६० इंची गादीवर दोन्ही बाजूंना पंधरा-पंधरा इंच खाली येतो, ७२ इंचीवर नऊ-नऊ. जॅकार्ड मागावर विणलेल्या या चादरीत दोन्ही बाजूंना तीच नक्षी रंग उलटून येते, इकडे लाल जमिनीवर पांढरं फूल, तिकडे पांढऱ्यावर लाल. म्हणून वरच्या पदराची कड पाच-सहा इंच उलटवा, दोन्ही बाजू दिसतील. पहाटे गारवा आला की हीच ओढून घ्यायची. सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन आहे, आणि त्या नावाखाली दुसरीकडचा मालही खपतो. विचारून, लेबल पाहून घ्या.

सोलापुरी घातली की बाकी सगळं साधं ठेवा. पलंगावर मोठी नक्षी एकच असावी. खाली मोठ्या फुलांची चादर, वर बांधणीची दोहर आणि पायथ्याला मोर, असं केलं की नजर कुठेच ठरत नाही. पायथ्याच्या नक्षीतला एक फिका रंग उचला आणि तो दोहरला द्या.

घरात आजीच्या लुगड्यांची गोधडी असेल तर मात्र आमच्याकडून पायथ्यासाठी काहीच घेऊ नका. धावदोऱ्याच्या ओळी वर येतील अशी घडी करून ती साध्या चादरीवर टाका. विरलेलं कापड मशीनमध्ये घालू नका, हातानं धुऊन सावलीत आडवी वाळवा. काळी घोंगडीही मोतिया चादरीवर झकास दिसते. टोचते म्हणून ती पायांपुरतीच ठेवा, आणि लोकर गरम पाण्यात घालू नका, आळते.

उशा

१७ बाय २७ च्या दोन उशा शेजारी ठेवल्या की ५४ इंच भरतात. ६० च्या पलंगाला हे पुरेसं आहे. ७२ च्या पलंगावर दोन्ही कडा उघड्या पडतात, तिथे मोठ्या उशा घ्या किंवा मध्ये १६ इंची एक कुशन ठेवा. जास्तीत जास्त दोन, तीही टेकून वाचायला उपयोगी पडतील अशी. अभ्रा उशीपेक्षा एखादा इंच मोठा चालतो. तीन इंच मोठा असला की कोपरे लोंबतात. आणि अभ्र्याची उघडी बाजू दाराकडे येऊ देऊ नका.

घेताना आणि धुताना

दुकानातल्या दिव्याखाली रंग ठरवू नका. पांढऱ्या ट्यूबखाली मोतिया निळसर दिसतो, पिवळ्या दिव्याखाली तोच लोण्याच्या रंगाचा वाटतो. कापड दारापाशी उजेडात नेऊन पाहा, आम्ही कधी अडवत नाही. शक्य तर घरचा पडदा किंवा अभ्रा सोबत आणा.

गडद कापड पहिल्या दोन धुण्यांना वेगळं, थंड पाण्यात. मिठात भिजवल्यानं कच्चा रंग पक्का होत नाही. लाल आणि निळ्या रंगाच्या बाबतीत हे विशेष लक्षात ठेवा.

येताना गादीची लांबी, रुंदी आणि जाडी इंचांत लिहून आणा. पलंगाची नको, गादीची. माप चुकलं तर चादर बदलून देतो, मात्र ती न धुतलेली आणि मूळ घडीत असावी.