स्टेलार्क

स्टेलार्क (जन्म १९४६) : स्वतःच्या शरीरालाच माध्यम करणारा ऑस्ट्रेलियन कलावंत. जन्म सायप्रसमधील लिमासॉल येथे. मूळ नाव स्टेलिओस आर्काडिऊ. १९७२ मध्ये त्याने कायदेशीररीत्या ‘स्टेलार्क’ हे एकशब्दी नाव घेतले. उमेदीची बरीच वर्षे त्याने जपानमध्ये काढली.

१९७६ ते १९८८ या काळात कातडीत गळ टोचून अधांतरी लटकण्याचे वीसहून अधिक प्रयोग त्याने केले. मराठी वाचकाला इथे बगाड आठवेल. पाठीत गळ टोचून घेण्याचा नवस आपल्याकडे जुना. पण स्टेलार्कच्या लटकण्यात देवही नव्हता आणि नवसही नव्हता. ताणलेली कातडी आणि वजनाने खाली ओढला जाणारा देह, एवढेच त्याला पाहायचे होते. त्याच काळात त्याने उजव्या हाताला एक यांत्रिक ‘तिसरा हात’ जोडला. पोटाच्या आणि पायाच्या स्नायूंतील विद्युतसंकेतांवर तो चालत असे. १९९३ मध्ये त्याने उघडमीट करणारे, दिवा आणि आवाज असलेले एक छोटे धातूचे शिल्प चक्क जठरात उतरवले. १९९५ मध्ये तो स्वतः लक्झेंबर्गमध्ये होता आणि पॅरिस, हेलसिंकी, ॲमस्टरडॅम येथील लोक संगणकावरून त्याच्या स्नायूंना विजेचे झटके देऊन त्याचे हातपाय हलवत होते.

जैवतंत्रज्ञानाशी त्याचा खरा सामना झाला तो कानामुळे. आणखी एक कान उगवावा, ही कल्पना १९९० च्या दशकातली. आधी तो गालाशेजारी हवा होता. तिथे चेहऱ्याच्या नसांना धोका होता, म्हणून जागा बदलून डावा पुढचा हात ठरला. तयार शल्यविशारद मिळेपर्यंत सुमारे दहा वर्षे गेली. दरम्यान २००३ मध्ये ओरॉन कॅट्स आणि आयोनॅट झुर या कलावंतांच्या ‘टिश्यू कल्चर अँड आर्ट’ प्रकल्पाबरोबर त्याने मानवी पेशींपासून खऱ्याच्या एक चतुर्थांश आकाराचा कान प्रयोगपात्रात वाढवून दाखवला. पर्थ येथील वेस्टर्न ऑस्ट्रेलिया विद्यापीठातील ‘सिम्बायोटिका’ ही कॅट्स-झुर जिथे काम करत ती प्रयोगशाळा कलावंतांना पेशींवर काम करू देण्यासाठीच ओळखली जाई.

हातावरच्या कानाची शस्त्रक्रिया २००६ मध्ये झाली. आधी कातडी ताणून सैल केली, मग तिच्याखाली कानाच्या आकाराचा सच्छिद्र पॉलिएथिलीनचा (एक प्लास्टिक) साचा बसवला. छिद्रांत पेशी शिरल्या, रक्तवाहिन्या वाढल्या आणि साचा शरीराचाच भाग झाला. पुढे त्यात सूक्ष्म मायक्रोफोन ठेवला. तो चाललाही, पण काही आठवड्यांनी जंतुसंसर्ग झाला आणि काढावा लागला. ‘शरीर कालबाह्य झाले आहे’ हे स्टेलार्कचे आवडते ब्रीद. त्याच शरीराने प्लास्टिक आपलेसे केले आणि यंत्र मात्र बाहेर काढायला लावले. कलेपेक्षा घोषणा मोठी, असा आक्षेप त्याच्यावर घेता येतो. पण या कानाच्या बाबतीत तो टिकत नाही, कारण इथे फसलेला भागच सर्वांत बोलका आहे.

या कृतीला २०१० मध्ये ऑस्ट्रियातील आर्स इलेक्ट्रॉनिका स्पर्धेत संमिश्र कला विभागाचा ‘गोल्डन निका’ पुरस्कार मिळाला. कानाची पाळी स्वतःच्याच मूलपेशींपासून वाढवायची आणि नवा मायक्रोफोन इंटरनेटला जोडायचा, म्हणजे त्याच्याभोवतीचा आवाज दूर कुठेही कोणालाही ऐकता येईल, अशी त्याची पुढची योजना होती.