दाव्यात गट नंबर चुकला म्हणून दावा जातो का? या कायद्यामागचा इतिहास

धुऱ्याचा वाद, पांधणीचा रस्ता, भावाभावातली वाटणी, आपल्या इकडं तालुक्याच्या दिवाणी कोर्टात असेच दावे लय. आणि समोरच्याची कैफियत (लेखी उत्तर) आली की त्यात ठरलेल्या ओळी असतातच, व्हेरिफिकेशन (मजकूर खरा असल्याचं सहीनिशी लिहून देणं) बरोबर नाही, चतुःसीमा चुकली, बहिणीला पार्टी (पक्षकार) केलं नाही, कोर्ट फी कमी भरली, सबब दावा खर्चासह खारीज करावा. हे वाचून शेतकरी माणूस हादरतो, त्याला वाटते आता वावर गेलंच. बहुतेक वेळा असं होत नाही आणि काऊन होत नाही ते समजून घ्यायला थोडं मागं जावं लागते.

इंग्लंडात जुन्या काळी दावा ठराविक साच्यातच टाकावा लागायचा, साचा चुकला की हक्क खरा असूनही माणूस हरायचा. १८५२ चा कायदा आणि मग १८७३-७५ चे ज्युडिकेचर अॅक्ट यांनी ते मोडून काढलं. १८८४ मध्ये क्रॉपर विरुद्ध स्मिथ या केसमध्ये लॉर्ड जस्टिस बोवेन यांनी लिहिलं की कोर्टाचं काम पक्षकारांचे हक्क ठरवायचं आहे, केस चालवताना झालेल्या चुकांची शिक्षा द्यायचं नाही.

आपल्याकडं दिवाणी प्रक्रिया संहिता पहिल्यांदा १८५९ ला आली, मग १८७७, १८८२ आणि शेवटी १९०८ ची, जी आजही चालू आहे. तिच्यात कलम ९९ आहे, म्हणजे ज्या चुकीनं केसच्या गुणदोषावर किंवा कोर्टाच्या अधिकारावर फरक पडत नाही तिच्यासाठी अपिलात डिक्री (कोर्टाचा अंतिम हुकूमनामा) फिरवायची नाही. ऑर्डर ६ रूल १७ नं वादपत्र (ज्या लेखी अर्जानं दावा टाकतात तो) दुरुस्त करायची सोय दिली. १९०९ मध्येच मुंबई हायकोर्टानं किसनदास रूपचंद केसमध्ये त्याची कसोटी सांगितली, दुरुस्तीनं समोरच्यावर अन्याय व्हायला नको आणि खरा वाद मिटवायला ती गरजेची पाहिजे, आणि सुप्रीम कोर्टानं १९५७ ला पिरगोंडा पाटील केसमध्ये तीच उचलून धरली.

आता आपल्या भागाचा अभिमान वाटावा अशी गोष्ट. नागपूरला हायकोर्ट १९३६ मध्ये झालं, त्याआधी ज्युडिशियल कमिशनरचं कोर्ट होतं. तिथं वकिली केलेले, न्यायाधीश आणि पुढं चीफ जस्टिस झालेले विवियन बोस सुप्रीम कोर्टात गेले आणि १९५५ मध्ये संग्राम सिंग केसमध्ये त्यांनी लिहून ठेवलं की प्रक्रियेचा कायदा न्यायाला मदत करण्यासाठी आहे, लोकांना अडकवून पाडण्यासाठी नाही. माझ्या मते या विषयावर इतकं सरळ कोणीच लिहिलेलं नाही, आणि आजही वकील दुरुस्तीच्या अर्जात त्याचा आधार घेतात.

१९७६ ला संहितेतच झालेल्या दुरुस्तीनं सरकारविरुद्धच्या दाव्यात दिलासा दिला. असा दावा टाकायच्या आधी कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते, पण तिच्यात नाव, पत्ता आणि दाव्याचं कारण साधारण कळत असेल तर बारीक चुकीसाठी दावा फेटाळता येत नाही. पण त्याच वेळी हेही लिहिलं गेलं की आवश्यक पक्षकारच सोडला तर सवलत नाही, त्यामुळं वाटणीच्या दाव्यात बहिणीचं नाव गाळणं ही बारीक चूक नाही, हे पक्कं लक्षात ठेवा.

मग १९९९ ला सरकारनं रूल १७ पूर्ण काढूनच टाकायचं ठरवलं, कारण दुरुस्तीच्या नावाखाली तारखाच तारखा पडायच्या. देशभरातल्या वकिलांनी विरोध केला आणि २००२ च्या कायद्यानं तो रूल परत आला, पण अट घालून, की ट्रायल सुरू झाल्यावर दुरुस्ती हवी असेल तर योग्य ती काळजी घेऊनही आधी का जमलं नाही हे कोर्टाला पटवावं लागते. हे १ जुलै २००२ पासून लागू आहे. २००८ मध्ये विद्याबाई केसमध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं की सरतपासणीचं (आपल्याच साक्षीदाराच्या पहिल्या साक्षीचं) शपथपत्र दाखल झालं की ट्रायल सुरू झाली. म्हणजे सातबारा आणि वादपत्र शेजारी ठेवून गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा तपासायची ती त्याच्या आधीच.

राहिला ऑर्डर ७ रूल ११, दावा सुरवातीलाच नाकारायचा. इथं कोर्ट फक्त वादपत्र आणि त्याच्यासोबतचे कागद पाहते, समोरच्याची कैफियत नाही. फी कमी असेल तर भरायला आधी मुदत देते. मुदतबाह्य असल्याचं वादपत्रावरूनच दिसत असेल, किंवा दाव्याला कारणच नसताना हुशारीनं लिहून कारण उभं केलं असेल, तर मात्र दावा तिथंच संपतो, १९७७ ला न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी अरिवंदंदम केसमध्ये असे दावे लगेच खुडून टाकायला सांगितलं होतं.

आणखी एक, दुरुस्तीचा अर्ज मंजूर झाला की लोक निवांत होतात. ऑर्डर ६ च्या रूल १८ प्रमाणं कोर्टानं दिलेल्या मुदतीत, मुदत दिली नसेल तर १४ दिवसांत, ती दुरुस्ती खरोखर वादपत्रात करून घ्यावी लागते. नाही केली तर मुदत वाढवून मागा, नाहीतर मंजूर झालेला आदेश तसाच फाईलीत पडून राहतो.